हलके हॅश ब्राउन आणि बटाट्याच्या माथी मारलेला दोष

घरच्या घरी हॅश ब्राउन (किसलेल्या बटाट्याचे तव्यावर खरपूस केलेले न्याहारीचे थर) हलके कसे करावेत, याविषयीचा एक संदेश सध्या हातोहात फिरतो आहे. त्यातील म्हणणे थोडक्यात असे: बटाट्याचा कीस रात्रभर पाण्यात भिजवला की सगळा स्टार्च निघून जातो आणि उष्मांक निम्म्यावर येतात, तेल मुळीच लागत नाही, एअर फ्रायर पुरेसा आहे, तेल घ्यायचेच असेल तर ऑलिव्हचे घ्यावे, कारण ते हलके असते, जमल्यास बटाट्याच्या जागी रताळे वापरावे, उकडलेला बटाटा एक रात्र गार ठेवला तर त्यातल्या स्टार्चचे तंतुमय पदार्थ होतात, आणि एवढे पथ्य पाळले की हॅश ब्राउन मनसोक्त खायला हरकत नाही. यांतील दोन-तीन विधानांच्या तळाशी थोडे तथ्य आहे, म्हणूनच ती लोकांना पटतात. मात्र सगळा दोष बटाट्यावर ढकलून तेलाचा हिशेब कोणीच मांडलेला नाही, ही या संदेशातली मूळ खोट आहे.

तो हिशेब आधी पाहू. 100 ग्रॅम कच्च्या बटाट्यात सुमारे 77 किलोकॅलरी असतात, जवळजवळ 79 टक्के पाणी असते आणि स्निग्धांश नसल्यातच जमा असतो. अमेरिकेच्या कृषी विभागाच्या पोषणतक्त्यांत घरी केलेल्या हॅश ब्राउनची नोंद मात्र 100 ग्रॅमला सुमारे 265 किलोकॅलरी आणि साधारण साडेबारा ग्रॅम स्निग्धांश अशी आहे. ही उडी दोन कारणांनी पडते. तव्यावर पाणी उडून जाते, त्यामुळे 100 ग्रॅम हॅश ब्राउनमध्ये प्रत्यक्षात सुमारे 200 ग्रॅम कच्चा बटाटा एकवटलेला असतो. त्याचे दीडशेच्या आसपास उष्मांक होतात. उरलेले 110 तेलाचे असतात. बटाट्याचे दीडशे कमी करायचे तर बटाटाच कमी खावा लागेल, त्याला दुसरी युक्ती नाही. तेलाचे 110 मात्र करणाऱ्याच्या हातात असतात.

आता रात्रभर भिजवण्याविषयी. स्टार्चचे कण गार पाण्यात विरघळत नाहीत. किसणीच्या दातांनी ज्या पेशी फाटतात त्यांतला स्टार्च पाण्यात मोकळा होतो. न फाटलेल्या पेशींमधला, म्हणजे बहुतांश स्टार्च, आठ तास काय किंवा दोन दिवस काय, जागचा हलत नाही. हे पाहायला प्रयोगशाळा लागत नाही. कीस भांडेभर पाण्यात दोन-तीन वेळा हाताने खळबळून काढावा, पाणी स्थिर होऊ द्यावे आणि वरचे पाणी हळूच ओतून टाकावे. तळाशी पांढरा, गुळगुळीत, बोट लावले तर आधी घट्ट आणि मग ओघळणारा असा एक थर उरतो. एवढाच काय तो स्टार्च बाहेर आलेला असतो. 400 ग्रॅम बटाट्यात एकूण स्टार्च 60 ग्रॅमच्या घरात असतो. तळाचा थर वाळवल्यावर अगदी 10 ग्रॅम भरला असे सढळपणे धरले, तरी 300 पैकी 40 किलोकॅलरी कमी झाल्या. निम्म्यावर येण्याची गोष्ट फार दूर राहिली. शिवाय पाण्यात विरघळणारे क जीवनसत्त्व रात्रभरात बरेचसे निघून जाते, ते वेगळेच.

तरीही कीस धुण्याचा फायदा आहे, पण तो दुसरा. वरचा मोकळा स्टार्च गेल्यामुळे कीस एकमेकांना चिकटून लगदा होत नाही, तव्याला कमी धरतो आणि सारखा रंगतो. पाण्याबरोबर काही साखरही निघून जाते, त्यामुळे आत शिजण्याआधीच बाहेरून काळा पडण्याचा धोका कमी होतो. बटाट्यासारखे पदार्थ 120 अंश सेल्सिअसच्या वर तापले की त्यांतल्या साखरेपासून आणि अ‍ॅस्परजिन या अमिनो आम्लापासून अ‍ॅक्रिलामाइड हे आरोग्याला घातक ठरू शकणारे रसायन तयार होते, हे स्वीडनमधील संशोधकांनी 2002 मध्ये जाहीर केले. तळण्यापूर्वी बटाट्याच्या चकत्या 15 ते 30 मिनिटे पाण्यात ठेवल्या तर ते कमी होते, असा सल्ला अमेरिकेची अन्न व औषध प्रशासन संस्था देते. म्हणजे अर्धा तास पुरतो. आणि तळाशी बसलेला तो पांढरा थर फेकूनही देऊ नये. पिळलेल्या किसात तो परत मिसळला तर बांधणीसाठी मैदा किंवा अंडे घालावे लागत नाही.

संदेशात ज्याचा उल्लेखही नाही, ती पिळण्याची पायरीच खरी निर्णायक आहे. किसात पाणी असेपर्यंत त्याच्या पृष्ठभागाचे तापमान 100 अंशांच्या फारसे पुढे जात नाही, आणि खरपूस रंग व वास येण्याची क्रिया वेगाने व्हायला साधारण 140 अंश लागतात. ओला कीस तव्यावर टाकला की तो बराच वेळ नुसता वाफाळत राहतो, रंग येत नाही, आणि तेल कमी पडले असावे असे वाटून आणखी एक चमचा तेल सोडले जाते, मग आणखी एक. बहुतेक स्वयंपाकघरांत तेल वाढते ते या क्षणी. तळताना पाण्याची वाफ बाहेर पडते आणि तिने मोकळ्या केलेल्या जागांत तेल शिरते, म्हणून जितके पाणी आधी काढावे तितकी तेलाला जागा कमी मिळते. कीस स्वच्छ सुती कापडात घ्यावा, चिमूटभर मीठ लावून दहा मिनिटे थांबावे, म्हणजे मीठ आणखी पाणी ओढून घेते; मग कापडाची पोटली करून, पीळ देत, हाताला नुसता दमटपणा लागेपर्यंत दाबावे. पाण्याची धार थांबली म्हणून हात थांबवू नये. पोटली उलगडून, कीस हलवून, पुन्हा एकदा पिळली की पहिल्या खेपेला अडकून राहिलेले पाणीही निघते. नीट पिळलेला कीस मुठीतून सोडला तर सुटा पडतो, गोळा होऊन राहत नाही.

तेल मुळीच नको, हे म्हणणे उलट्या बाजूने चुकते. एअर फ्रायर म्हणजे वेगाने गरम हवा फिरवणारी लहान भट्टी. तिच्यात तळण होत नाही, भाजणे होते. कोरडा कीस त्यात टाकला तर बारीक टोके आधी जळतात, मधला भाग चामट होतो आणि सुटे धागे पंख्याच्या झोताने उडून वर चिकटतात. तेलाचा पातळ थर उष्णता सगळीकडे सारखी पोहोचवतो आणि रंग एकसारखा आणतो. त्यासाठी फार तेल लागत नाही. 400 ग्रॅम बटाट्याच्या पिळलेल्या किसाला दोन चहाचे चमचे, म्हणजे 10 मिलिलिटर तेल हाताने चोळून लावले तर ते 80 किलोकॅलरींच्या आसपास होते. हेच तेल बाटलीतून अंदाजाने तव्यात ओतले तर चार मोठे चमचे सहज जातात, आणि त्याचे 480 होतात. यांतले थोडे तव्यात उरते हे खरे, पण किसाच्या असंख्य कडा तेल शोषायला टपलेल्याच असतात. दोघांच्या न्याहारीत एवढ्या एका सवयीने तीन-साडेतीनशे किलोकॅलरींचा फरक पडू शकतो, म्हणून या पदार्थासाठी मोजमापाचा चमचा हे कोणत्याही यंत्रापेक्षा उपयोगी साधन आहे, असे माझे स्पष्ट मत आहे. 'शून्य कॅलरी' लिहिलेल्या तेलाच्या फवाऱ्याचेही तसेच आहे: अमेरिकेतील नियमांप्रमाणे एका वाढणीत 5 पेक्षा कमी किलोकॅलरी असल्या तर शून्य छापता येते, आणि तिथे एक वाढणी म्हणजे पाव सेकंदाची फवारणी. फवाऱ्यात तेलच असते आणि पाव सेकंदात बोट कोणी उचलत नाही.

एअर फ्रायर नसला तरी काही बिघडत नाही. जाड बुडाचा किंवा नॉनस्टिक तवा मध्यम आचेवर नीट तापू द्यावा, मोजलेल्या तेलातले निम्मे पसरावे, कीस सुमारे एक सेंटिमीटर जाडीचा थापून कडा उलथण्याने आत दाबाव्यात. सुट्या धाग्यांपेक्षा दाबलेल्या सपाट थराचा उघडा पृष्ठभाग कमी असतो आणि तेल पृष्ठभागावरच चढते. पहिली पाच मिनिटे झाकण ठेवावे, म्हणजे उरलेल्या दमटपणाच्या वाफेत आतला भाग शिजतो. मग झाकण काढून हात अजिबात लावू नये. सुरुवातीचा मोठा चरचराट हळूहळू बारीक होत जातो, कडा तपकिरी होऊन तव्यापासून सुटतात, तेव्हा उलटावे आणि उरलेले तेल कडेने सोडावे. पदार्थ गार होऊ लागला की आतली वाफ आकसते आणि पृष्ठभागावरचे तेल आत खेचले जाते, म्हणून तव्यावरून काढताक्षणी तो जाळीवर किंवा कागदावर टेकवावा. पाच मिनिटांनी टिपण्यात फारसा अर्थ राहत नाही.

ऑलिव्ह तेलाचा मुद्दा दोन वाक्यांत आटोपतो. कोणत्याही खाद्यतेलाच्या एका ग्रॅममध्ये सुमारे 9 किलोकॅलरी असतात, आणि ऑलिव्ह तेलातील स्निग्धाम्लांचे गुण हृदयासाठी चांगले मानले जात असले तरी त्याने चमचाभराचे वजन वा उष्मांक बदलत नाहीत.

रताळ्याबाबत आकडेच पाहावेत: कच्च्या रताळ्यात 100 ग्रॅममागे सुमारे 86 किलोकॅलरी असतात, म्हणजे बटाट्यापेक्षा किंचित जास्तच. केशरी गराच्या रताळ्यात बीटा-कॅरोटीन भरपूर असते, तंतुमय पदार्थही थोडे अधिक असतात, आणि त्यासाठी ते जरूर खावे. पण हॅश ब्राउनमध्ये ते अडचणीचे ठरते, कारण त्यातल्या साखरेमुळे बाहेरचा रंग लवकर चढतो आणि आतला गर मऊच राहतो. मग कुरकुरीतपणासाठी पुन्हा तेल वाढवण्याचा मोह होतो. खरोखर उष्मांक उतरवायचे असतील तर झुकिनी किंवा फुलकोबी अधिक कामाची, कारण त्यांच्यात 100 ग्रॅमला अनुक्रमे सुमारे 17 आणि 25 किलोकॅलरीच असतात. किसाचा तिसरा हिस्सा यांपैकी एखाद्या भाजीचा घेतला तर चव व पोत फार बिघडत नाही. निम्म्याच्या पुढे गेल्यास मात्र थर उलटताना तुटतो, आणि झुकिनी तर बटाट्याहूनही कडक पिळावी लागते.

उकडून गार करण्याचा मुद्दा संदेशातला सर्वांत बरा आहे, फक्त तो फुगवून सांगितला आहे. शिजताना फुललेला स्टार्च गार होताना पुन्हा घट्ट रचना धरतो आणि त्यातला काही भाग लहान आतड्यात पचत नाही. मोठ्या आतड्यातील जिवाणू तो आंबवतात आणि ग्रॅममागे 4 ऐवजी साधारण 2 किलोकॅलरी मिळतात. पण हा भाग 100 ग्रॅम बटाट्यात काही ग्रॅमच असतो, त्यामुळे एकूण बचत पाच-दहा किलोकॅलरींच्या पुढे जात नाही. या पद्धतीचा खरा लाभ तव्यावर दिसतो. सालीसकट अर्धवट उकडलेला, रात्रभर फ्रीजमध्ये ठेवलेला बटाटा सकाळी मोठ्या भोकांच्या किसणीवर किसला तर धागे अखंड निघतात, पिळावे लागत नाहीत, आणि आतला भाग आधीच शिजलेला असल्याने तव्याला फक्त दोन्ही बाजू रंगवण्याचे काम उरते. पूर्ण उकडलेला बटाटा घेऊ नये. त्याचा किसणीवरच लगदा होतो.

राहिले मनसोक्त खाणे. 400 ग्रॅम बटाटा आणि दोन चहाचे चमचे तेल यांचे मिळून सुमारे 390 किलोकॅलरी होतात, आणि ते दोघांचे आहे असे धरले तर प्रत्येकी दोनशेच्या आत बसते; एकट्याने संपवले तर अर्थातच बसत नाही. वर किसून घातलेले 30 ग्रॅम चेडर चीज एकटेच 120 किलोकॅलरींचे असते, म्हणजे तव्यावर मोजूनमापून वाचवलेला मोठा चमचाभर तेल त्या एका मुठीत परत येतो. त्यापेक्षा अंड्याचा पांढरा भाग, मिरपूड, बारीक चिरलेली कांद्याची पात किंवा घट्ट दही बरे. मीठ पिळण्यापूर्वी लावलेले असते आणि त्यातले बरेचसे पाण्याबरोबर जाते, त्यामुळे वरून घालण्याआधी एक तुकडा चाखून पाहावा.