बॅनर दिसला पाह्यजे

गावच्या ग्रुपवर पाच दिवस एकच भांडण चालू आहे. शेजारच्या गावचा एक पोरगा गिर्यारोहण शिकून आला आणि आता हिमालयातल्या मोहिमेसाठी वर्गणी मागतोय. अर्धे म्हणतात, "बाप लोकाच्या वावरात मजुरी करते अन् हा कायले मरायले चालला डोंगरावर?" बाकीचे द्यायला तयार आहेत, पण अट घालून: वर गेल्यावर गावाचा बॅनर दिसला पाह्यजे, खाली देणाऱ्यांची नावं. सरपंचाचा फोटो मोठा की मध्यम, यावरच तीस मेसेज झाले. २०१८ मध्ये चंद्रपूरच्या आश्रमशाळांतली पाच आदिवासी पोरं एव्हरेस्टवर गेली, तेव्हा हेच लोक "आपल्या विदर्भाचे वाघ" म्हणून नाचत होते.

इथे इटलीत, माझ्या ऑफिसच्या खिडकीतून सिगमुंड्सक्रोनचा किल्ला दिसतो. त्यात इकडच्याच गिर्यारोहकाचं, राइनहोल्ड मेसनरचं संग्रहालय आहे. मला राहवलं नाही. लिहिलं, की १९७८ मध्ये हा माणूस पीटर हाबेलरसोबत ऑक्सिजनशिवाय एव्हरेस्टवर गेला, मेंदू निकामी होईल असं जाणकार सांगत असताना. १९८० मध्ये तिबेटच्या बाजूनं पुन्हा गेला, तोही एकटा. आठ हजार मीटरच्या वरची चौदाही शिखरं चढणारा पहिला माणूस, १९८६ मध्ये. आणि झेंड्याचं विचारलं तर, माझा रुमाल हाच माझा झेंडा, असं म्हणून मोकळा झाला. आपल्याकडे माणूस स्वतःसाठी काही करतो हे खपतच नाही, इकडे खपतं, असंही वर ठोकून दिलं.

तेवढं खोटं होतं. त्या रुमालावरून इकडचे लोकही चांगलेच भडकले होते. बोत्सेन आणि बोल्झानो, एकाच शहराची जर्मन आणि इटालियन नावं, एकाच स्टेशनवर दोन पाट्या. असल्या मुलखात झेंड्याची थट्टा कोण ऐकून घेणार? पण ते ग्रुपवर कशाला सांगा.

माझ्या लांबलचक मेसेजला धाकट्या भावाचं एका ओळीत उत्तर आलं: "दादा, तुले काय जाते बोलाले."

एप्रिलमध्ये मी त्याला एक फोटो पाठवला होता. थंडीच्या रात्री इथे सफरचंदाच्या बागांवर पाणी फवारतात, सकाळी फुलाफुलावर बर्फाचं कवच असतं, अख्खं खोरं काचेचं झाल्यासारखं. त्याचं उत्तर आलं, गारपिटीनं संत्र्याचा आंबिया बहार झाडला, झाडाखाली नुसता हिरव्या गोट्यांचा सडा. मी त्याला इथल्या सहकारी संस्था समजावत बसलो. त्यानं ऐकून घेतलं. लहानपणी आम्ही दोघं त्याच बागेत आळ्याच्या कडेला बसून उत्तरेकडची सातपुड्याची निळी रेघ बघायचो. चिखलदऱ्याला सायकलनं जायचं ठरायचं, आणि ओलिताची पाळी यायची.

मेसनरची एक गोष्ट मी ग्रुपवर लिहिली नाही. १९७० मध्ये नंगा पर्वतावर धाकटा भाऊ गुंथर त्याच्यासोबत होता. रुपालच्या भिंतीवरून दोघं वर गेले आणि पलीकडे दियामिरच्या बाजूनं उतरले. उतरताना गुंथर गेला. याच्या पायाची बोटं गेली. स्वतःच्या हौसेपायी भावाला सोडून दिलं, असं सोबतचेच काही जण पुढे म्हणाले. २००५ मध्ये गुंथरचे अवशेष सापडले, दियामिरच्याच बाजूला. म्हणजे पस्तीस वर्षांनी.

मला तसं कुणी काही म्हटलेलं नाही. बाबा गेले तेव्हा मी तेरवीला पोचलो. सातबाऱ्यावर माझं नाव अजून आहे, आणि ते काढ असं भावानं एकदाही म्हटलं नाही.

काल ग्रुपला न सांगता त्या पोराला पैसे पाठवले. त्यानं लगेच विचारलं, "काका, बॅनरवर नाव काय टाकू?"

मी बाबांच्या नावासकट पूर्ण नाव पाठवलं. खाली गाव, तालुका अचलपूर, जिल्हा अमरावती. भावाचं राहिलं होतं, ते दुसऱ्या मेसेजमध्ये पाठवलं.