बिअर, कटिंग आणि माफीचा साक्षीदार

शनिवारी निमित्त झालं कटिंगचं. चौकातल्या चारही टपऱ्यांनी एकाच सकाळी दर दोन रुपयांनी वाढवले.

"हे कार्टेल आहे, म्हणजे धंदेवाल्यांनी आपसात भाव ठरवायचा कट," वकील म्हणाला. आमचा वकील कोर्टात कमी आणि कट्ट्यावर जास्त बोलतो.

"कार्टेल मोठ्यांचं असतं रे. बिअरवाल्यांसारखं," अण्णा म्हणाले, आणि गाडी तिकडे गेली ती गेलीच.

२०२१ मध्ये स्पर्धा आयोगाने किंगफिशरवाल्या युनायटेड ब्रुअरीजला सुमारे ७५२ कोटींचा दंड ठोकला, टुबोर्गवाल्या कार्ल्सबर्गला सुमारे १२१ कोटींचा. बडवायझरवाली एबी इनबेव्हही त्याच कटातली. तिला दंड शून्य! कारण तिनेच जाऊन सगळं ओकलं.

पिंट्याची परमिट रूम आहे. तो उसळला, "भाव कंपनी ठरवतेच कुठे? कित्येक राज्यांत वाढीला सरकारची मंजुरी लागते. मग कट कसला?"

मला तरी हे बिनतोड वाटलं.

"मंजुरी सरकारची, पण मागणी कुणाची?" वकील. "किती वाढ मागायची हे ज्याचं त्याने ठरवायचं. यांनी आकडा आधी आपसात जुळवला. आपल्या महाराष्ट्रात तर मालही रोखला आणि बाजारही वाटून घेतला, असा आयोगाचा निष्कर्ष आहे. प्रतिस्पर्धी भाव ठरवायला एकत्र बसले की स्पर्धेला बाधा आली, असं कायदा धरूनच चालतो. नाही आली, हे त्यांनी दाखवायचं."

अण्णांचं दुखणं वेगळंच. "चोरी तिघांची आणि एक साळसूद घरी? हा कुठला न्याय?"

"माफीचा साक्षीदार, अण्णा. बंद खोलीतलं बोलणं बाहेर येणार कसं? फितुरी झाली म्हणून तर २०१८ मध्ये छापे पडले. मग बाकीचेही बोलले. एकाला ४० टक्के सूट, दुसऱ्याला २०."

"आणि दंड सरकारच्या तिजोरीत," पिंट्या म्हणाला. "माझ्या गिऱ्हाइकाला बाटलीमागे काय मिळालं?" यावर वकील चहा प्यायला. अपिलात २०२२ मध्ये आदेश कायम राहिला, एवढं मात्र त्याने घोटाघोटातून सांगितलं.

मग ग्लास ठेवून टपरीवाल्याकडे वळला. "तुम्हा चौघांतलाही पहिला जो आयोगाकडे जाऊन सगळं सांगेल, तो पूर्ण सुटेल."

टपरीवाल्याचा पळीचा हात थांबला. "पहिला म्हणजे एकच?"

"पूर्ण सूट पहिल्यालाच."

त्याने समोरच्या कोपऱ्यावरच्या टपरीकडे पाहिलं. "तो साडेचारलाच उठतो हो," म्हणाला.