लोकसंख्या शून्य म्हणजे गाव उठलं, असं नाही

‘महाराष्ट्रातली २,७०० गावं ओस पडली, जनगणनेनेच सांगितलं’ असा मजकूर मोबाइलवरून सारखा फिरतो. त्याचा गाभा असा: २०११ च्या जनगणनेत सुमारे २,७०० गावांपुढे लोकसंख्या शून्य आहे, म्हणजे तिथली माणसं शहरात गेली. शेकडो गावांत शंभर माणसंही उरली नाहीत. कोकण रिकामं झालं. मतदारयादीत मात्र लोकसंख्येपेक्षा जास्त नावं, म्हणजे सगळी बोगस. तेव्हा अशी गावं रद्द करा आणि पैसा वाचवा.

यातला पहिला आकडा जवळपास बरोबर आहे. त्यावरून काढलेलं मात्र बहुतेक सगळं चूक आहे, आणि ही चूक लहान गावांच्या मुळावर येते. म्हणून एकेक मुद्दा घेऊ.

‘२,७०० गावं ओस पडली’

जनगणनेच्या यादीतलं ग्रामीण गाव म्हणजे महसुली गाव. त्याला स्वतःची शिव असते, गाव नकाशा असतो, गटांचे सातबारे असतात, तलाठ्याच्या दप्तरात त्याच्या नावाचे गाव नमुने असतात. माणसं असलीच पाहिजेत, अशी अट त्यात कुठेही नाही. शेतजमीन आहे, शिव आहे, पण वस्ती नाही, अशा गावाला महसुली भाषेत ‘बेचिराख’ म्हणतात. विदर्भात त्यालाच ‘रीठ’ म्हणतात आणि कित्येक गावांच्या नावापुढे कंसात तसं लिहिलेलंही असतं. जुन्या बोलीत सांगायचं तर काळी (शेतजमीन) आहे, पांढरी (वस्तीची जागा) नाही.

२०११ मध्ये राज्यात सुमारे ४३ हजार ७०० महसुली गावं होती. त्यांतली सुमारे ४१ हजार वस्तीची, उरलेली बेचिराख. आता दहा वर्षं मागची यादी काढा. २००१ मध्येही बेचिराख गावं अडीच हजारांच्या वरच होती. म्हणजे २,७०० हा दहा वर्षांत उठलेल्या गावांचा आकडा नव्हे. त्यातली बहुतेक गावं त्याआधीपासूनच बेचिराख आहेत, काही तर पिढ्यान् पिढ्या. दुष्काळ, प्लेग, पटकी, पाण्याचा तुटवडा अशा कारणांनी वस्ती उठली, माणसं शेजारच्या मोठ्या गावात गेली आणि तिथून येऊन जुन्या गावची जमीन कसत राहिली. काही ठिकाणी तर फक्त जंगलाचा किंवा गायरानाचा पट्टा जमीनमोजणीत स्वतंत्र गाव म्हणून नोंदला गेला आणि तसाच राहिला.

अशा शिवारात गेलं की खूण सापडते. पडक्या मातीच्या घरांनी झालेला पांढऱ्या मातीचा उंचवटा, त्यावर खापराचे तुकडे, एखादी बुजलेली विहीर, चिंचेची जुनी झाडं आणि शेंदूर लावलेला मारुती. मारुतीला शेजारच्या गावचे लोक अजून नारळ फोडतात, कारण त्यांचे पूर्वज तिथून आलेले असतात. आजूबाजूला तूर आणि कापूस उभा असतो. याला ‘ओस’ म्हणणं म्हणजे पिकत्या शिवाराला पडीक म्हणण्यासारखं आहे.

शून्याची आणखी तीन कारणं आहेत, आणि त्यांत ‘शहरात गेले’ हे कारण नाही.

पहिलं, धरण. कोयना, उजनी, जायकवाडी यांच्या पाण्याखाली गावठाणं गेली, पण पाण्याच्या रेषेवर राहिलेली जमीन जुन्याच गावाच्या नावावर राहू शकते. माणसं दुसऱ्या गावाच्या हद्दीत वसवलेल्या पुनर्वसित गावठाणात गेलेली असतात. त्या नव्या गावठाणाला स्वतंत्र महसुली गावाचा दर्जा महसूल संहिता १९६६ च्या कलम ४ खाली अधिसूचना निघाल्यावर मिळतो. तोवर ती माणसं यजमान गावात मोजली जातात. जुनं गाव शून्य आणि यजमान गाव एकदम फुगलेलं, असं चित्र दिसलं की कारण बहुधा हेच असतं.

दुसरं, अभयारण्य. मेळघाट आणि ताडोबा व्याघ्र प्रकल्पांतून गावं बाहेर वसवली आहेत. ती माणसं आपणहून शहरात गेलेली नाहीत, सरकारने दुसरीकडे नेलेली आहेत.

तिसऱ्या कारणाकडे कुणी फारसं पाहत नाही. गाव शिवेच्या पलीकडे सरकतं. जुनं गावठाण नदीकाठी, डांबरी रस्ता दीड किलोमीटरवर. पुराला कंटाळून एकेक घर रस्त्यावर जातं आणि रस्ता असतो शेजारच्या गावाच्या गटातून. पंधरा-वीस वर्षांत सगळं गाव तिथे उभं राहतं. बोलण्यात नाव जुनंच, देऊळ जुनंच, शेती जुन्याच शिवारात, पण प्रगणक (जनगणनेसाठी घरोघरी जाणारा कर्मचारी) पाहतो ते छप्पर कुठल्या महसुली हद्दीत आहे ते. कागदावर एक गाव संपलेलं असतं आणि प्रत्यक्षात एकही माणूस गेलेला नसतो.

शून्य दिसलं तर काय तपासायचं

आधी सहा अंकी गाव संकेतांक पाहा, नावावर जाऊ नका. एकाच तालुक्यात एका नावाची दोन-तीन गावं सर्रास असतात. बुद्रुक आणि खुर्द यांत तर हमखास गल्लत होते: खुर्द बेचिराख असतं आणि बातमी बुद्रुकची होते. मग २००१ चा आकडा काढा. तेव्हाचे संकेतांक वेगळे होते, त्यामुळे तालुका, नाव आणि क्षेत्रफळ या तिन्हींवरून जुळवावं लागतं. क्षेत्रफळात मोठा फरक असेल तर हद्द बदलली आहे, आणि ती तुलनाच सोडून द्यावी. पालघरमधलं गाव शोधताना लक्षात ठेवा, हा जिल्हा १ ऑगस्ट २०१४ ला झाला, त्यामुळे २०११ च्या यादीत ते ठाण्याखाली सापडेल. शेवटी शिवेला लागून असलेल्या सगळ्या गावांची लोकसंख्या एकत्र मांडा. एकाचं घटलेलं शेजाऱ्यात वाढलेलं दिसलं तर स्थलांतर झालेलं नाही, शिव ओलांडली गेली आहे.

यादीतून गाव पूर्णच गायब असेल तर तेही उजाडलेलं असेलच असं नाही. महापालिकेच्या हद्दीत गेलेलं गाव ग्रामीण यादीतून निघतं. पाच हजारांवर लोकसंख्या, चौरस किलोमीटरला किमान ४०० ची घनता आणि मुख्य काम करणाऱ्या पुरुषांपैकी किमान ७५ टक्के शेतीबाहेर, या तिन्ही अटी पुऱ्या झाल्या तर ग्रामपंचायत तशीच असूनही जनगणना त्याला शहर धरते. गाव वाढलं म्हणून यादीतून गेलं, आणि मजकूर लिहिणाऱ्याने ते मेलेल्यांत धरलं!

‘शेकडो गावांत शंभर माणसंही नाहीत’

डोंगरी आणि जंगली भागात गावं मुळातच लहान असतात. पन्नास-साठ माणसांचं गाव ही तिथली जुनी रीत आहे, तो ऱ्हासाचा पुरावा नाही. इतक्या लहान आकड्यावर टक्केवारी लावली की काहीही निघतं. समजा गावात ६० माणसं आहेत आणि पाच-पाच माणसांची दोन घरं मुलांच्या शाळेसाठी तालुक्याला गेली. घट झाली जवळपास १७ टक्के. पुढच्या वर्षी दोन सुना आल्या, तीन बाळं झाली, की निम्मी भरून निघाली. दोनशेच्या आतल्या गावाबाबत टक्के वापरूच नयेत, माणसं मोजावीत आणि घरं मोजावीत.

  

मोजणी कधी झाली, हे मजकुरात नाहीच

सगळ्यात मोठी चूक इथे आहे. २०११ ची माणसांची मोजणी ९ ते २८ फेब्रुवारीत झाली. १ ते ५ मार्च ही फेरतपासणीची फेरी होती आणि १ मार्चच्या ००:०० वाजताची स्थिती धरली गेली. नियम असा होता की नेहमी गावात राहणारा माणूस त्या वीस दिवसांत काही काळ तरी घरी होता, किंवा २८ तारखेच्या आत परतणार होता, तर त्याला गावात धरायचं. पूर्ण काळ बाहेर असला तर जिथे असेल तिथे मोजायचं.

फेब्रुवारी म्हणजे ऊसतोडीचा भर. दिवाळीच्या आगेमागे बीड, पाथर्डी, शेवगाव या पट्ट्यातून कोयते निघतात. कोयता म्हणजे ऊस तोडणारी नवरा-बायकोची जोडी, मुकादमाच्या (मजूर नेणाऱ्या ठेकेदाराच्या) उचलीत, म्हणजे आगाऊ रकमेत, ती एक कोयता म्हणूनच धरली जाते. परत येणं गाळप संपल्यावर, मार्च-एप्रिलमध्ये. त्या वीस दिवसांत ही माणसं कारखान्याच्या तळावर किंवा उसाच्या फडाशेजारी कोपीत असतात. कोपी म्हणजे बांबूच्या कामट्या वाकवून वरून पाचट आणि ताडपत्री टाकलेली, वाकून आत जावं लागेल एवढ्या उंचीची झोपडी. पहाटे अंधारात जोडी फडात जाते आणि गाडी भरूनच परतते. दिवसा प्रगणक आला तर कोपीत एखादं लहान पोर आणि त्याला सांभाळणारी बहीण. तळ कर्नाटकात असेल तर नोंदही कर्नाटकात. तळ दोन कारखान्यांच्या मध्ये हलला तर दोन्हीकडून सुटण्याची भीती.

गावात त्याच दिवसांत काय मोजलं जातं? म्हातारी माणसं आणि त्यांच्याजवळ शाळेसाठी ठेवलेली नातवंडं. समजा साडेपाचशेचं गाव आहे आणि पन्नास कोयते गेले. शंभर मोठी माणसं आणि सोबतची तीसेक पोरं वजा झाली, आकडा आला चारशेवीस. जूनमध्ये त्याच गावात पाय ठेवायला जागा नसते.

हा आकडा कागदावर पडून राहत नाही. पंतप्रधान ग्रामसडक योजनेत वस्ती पात्र ठरते ती जनगणनेच्या लोकसंख्येवर: सपाट भागात ५००, डोंगरी आणि आदिवासी भागात २५०. अंगणवाडी ४०० ते ८०० लोकसंख्येमागे एक, त्याखाली १५० पर्यंत मिनी अंगणवाडी. साडेपाचशेचं गाव चारशेवीस भरलं की पक्क्या रस्त्याच्या यादीतून पुढची अनेक वर्षं बाहेर. गाव रिकामं होतंय असा गवगवा करणाऱ्याने हे एकदा समजून घ्यावं, कारण त्याच्या मजकुराने ही मोजणीतली चूकच पक्की होते.

‘कोकण रिकामं झालं’

इथे मजकुरात तथ्य आहे आणि ते मान्य केलं पाहिजे. रत्नागिरी जिल्हा २००१ मध्ये १६,९६,७७७ होता, २०११ मध्ये १६,१५,०६९ झाला. सिंधुदुर्ग ८,६८,८२५ वरून ८,४९,६५१ वर आला. घट खरी आहे. रत्नागिरीत हजार पुरुषांमागे ११२२ स्त्रिया, यावरून कमावते पुरुष बाहेर आहेत हेही दिसतं.

पण दोन ते पाच टक्के घट म्हणजे रिकामं होणं नव्हे. घर बंद दिसलं म्हणजे सोडलं, असंही नाही. जनगणनेच्या घरयादीत रिकामं घर आणि वापरातलं पण कुलूप लावलेलं घर या दोन वेगळ्या नोंदी आहेत. चाकरमान्याचं घर गणपतीत, शिमग्यात आणि मे महिन्यात उघडतं. २०११ चा शिमगा मार्चच्या तिसऱ्या आठवड्यात आला, मोजणी संपल्यावर. शिवाय कोकणातलं गाव म्हणजे दहा-बारा वाड्या. आकडा छापला जातो सगळ्या गावाचा, वाडीचा नाही. वरची वाडी खरोखर उठली आणि स्टॅंडजवळची वाढली तरी बेरीज तशीच. म्हणजे हा आकडा कोकणातली खरी कळ दाखवायलाही अपुरा आहे.

आणि कोकणावरून राज्य ठरवू नये. महाराष्ट्राची ग्रामीण लोकसंख्या याच दहा वर्षांत ५ कोटी ५८ लाखांवरून ६ कोटी १५ लाखांवर गेली.

‘मतदार जास्त, म्हणून बोगस’

२०११ च्या लोकसंख्येशेजारी २०२४ ची मतदारयादी ठेवली की हा ‘घोटाळा’ तयार होतो. मधे तेरा वर्षं गेली आहेत. २०११ मध्ये पाच वर्षांचं असलेलं पोर २०२४ मध्ये मतदार आहे. राज्यात ० ते ६ वयाची मुलं १२ टक्क्यांच्या आसपास होती, म्हणजे तेव्हाचे जवळपास नव्वद टक्के लोक २०२४ मध्ये मतदाराच्या वयाचे होते. त्यातून मयत आणि लग्न होऊन गेलेल्या मुली वजा करा, आलेल्या सुना आणि फेब्रुवारीत बाहेर असलेले कोयते मिळवा. ३०० च्या गावात ३१० मतदार अशक्य नाहीत.

दुबार नावं असतात, हे खरं. लोकप्रतिनिधित्व कायदा १९५० नुसार नाव एकाच जागी हवं, माणूस तिथला सर्वसाधारण रहिवासी हवा. तात्पुरतं बाहेर गेल्याने नाव जात नाही, आणि नुसतं घर मालकीचं असल्याने ते मिळतही नाही. शंका असेल तर त्या नावापुरता नमुना ७ (नावावर हरकत घेण्याचा अर्ज) भरून हरकत घ्यावी. सगळ्या गावाला बोगस ठरवायची गरज नाही.

‘गावं रद्द करा, पैसा वाचवा’

बेचिराख गावावर खर्चच नाही. शाळा नाही, अंगणवाडी नाही, स्वतंत्र ग्रामपंचायत नाही. रद्द केल्याने वाचेल काय? उलट प्रत्येक सातबारा, फेरफार आणि नकाशा नव्या गावाखाली न्यावा लागेल, गट क्रमांक एकमेकांवर आदळतील. वस्तीची लहान गावं तर आधीच गट ग्रामपंचायतींत एकत्र आहेत: सुमारे ४१ हजार गावांना ग्रामपंचायती सुमारे २८ हजारच.  आणखी गावं जोडली तर ग्रामसभेला दहा किलोमीटर चालत यायचं कुणी, एवढाच प्रश्न उरतो.

पुढच्या जनगणनेची संदर्भ तारीख १ मार्च २०२७ जाहीर झाली आहे, म्हणजे माणसांची मोजणी पुन्हा फेब्रुवारीतच. गावाने आताच करण्यासारखं काम आहे. कोयते निघायच्या आधी घरवार यादी करा: किती माणसं, कुठल्या कारखान्याला, कुठल्या मुकादमाबरोबर, परत कधी. प्रगणक आला की गावठाणाच्या नजरी नकाशात (हाताने काढलेल्या कच्च्या नकाशात) मळे, शेतवस्त्या आणि शिवेवरची घरं आली का, ते शेजारी उभं राहून बघा. कुणी त्या दिवसांत लग्नाला किंवा देवाला चार दिवस घरी येऊन गेलं असेल, तर ते प्रगणकाला आवर्जून सांगा. २०११ च्या नियमाने तो माणूस गावातच धरला जात होता. आणि तळावरच्यांना आधीच फोन करून विचारा, तुमच्या कोपीपर्यंत कुणी आलं का?