प्रेमात पडायचंय? आधी लपायला जागा बघा

प्रेम करायचं ठरवलंत ना? मग जुन्या सुखांतिकांचा पहिला नियम पाळा : समोरच्याला सरळ काही विचारायचं नाही, आणि चुकून विचारलंतच तर उत्तर ऐकायला थांबायचं नाही. पाच मिनिटं नीट बोललात तर उरलेले अंक काय करणार?

संशय मात्र पुराव्यावरच घ्यावा. फ्रेंच नाटककार मोलिएरच्या ‘स्गानारेल’मध्ये (१६६०) एका मुलीला भोवळ येते आणि तिच्या हातून प्रियकराचं छोटंसं चित्र गळून पडतं. स्गानारेल तिला सावरतो, ते त्याची बायको नेमकी खिडकीतून बघते. मग ते चित्र बायकोला सापडतं, आणि ती ते न्याहाळत असताना नेमका नवरा बघतो. भोवळ एकीला, संसार गरगरला दुसरीचाच! हाच मामला पुढे इंग्लंडमार्गे मराठीत आला, देवलांच्या ‘संशयकल्लोळ’मध्ये, १९१६ साली. मधे अडीचशे वर्षं गेली, पण त्यातल्या नवऱ्याच्या, फाल्गुनरावांच्या, संशयाला गंज म्हणून चढलेला नाही.

आता लपण्याविषयी. मोलिएरच्याच ‘तार्त्युफ’मधल्या ऑर्गोंची चिकाटी अंगी बाणवा. हा टेबलाखाली, वर ढोंगी धर्मात्मा तार्त्युफ त्याच्या बायकोच्या मागे लागलेला. ती बिचारी नवऱ्याला खूण म्हणून खोकून खोकून बेजार, तर तार्त्युफ तिला ज्येष्ठमध देऊ करतो! ऑर्गों तरी ढिम्म. तो बाहेर निघतो कधी? ‘त्याला काय, नाकाला धरून कुठंही न्यावं’ असं स्वतःबद्दल ऐकल्यावर. बायकोची अब्रू ठीक आहे हो, पण अपमानाला काही मर्यादा?

टेबल नको असेल तर पडदा घ्या. शेरिडनच्या ‘द स्कूल फॉर स्कँडल’मध्ये (१७७७) लेडी टीझल जोसेफच्या खोलीत पडद्याआड लपते. तेवढ्यात तिचा नवरा तिथंच येतो आणि जोसेफला सांगतो, की बायकोच्या नावे आपण भरपूर पैसा ठेवणार आहोत. नवऱ्याच्या मनातलं चांगलं कानावर पडावं म्हणून बाईला परक्याच्या खोलीत उभं राहावं लागलं. घरी बोलायची सोय नव्हती, असं नाही. पण ऐन वेळी तो पडदा पाडणारा जोसेफचा भाऊ चार्ल्स घरी कुठून आणणार?

आणि लग्न भलत्याशीच लागलं तर? शेक्सपिअरच्या ‘ट्वेल्थ नाइट’मधली ऑलिव्हिया ज्याच्यावर भाळली, तो ‘तो’ नव्हताच. पुरुषवेशातली व्हायोला होती. लग्न लागलं ते तिच्या जुळ्या भावाशी. ऑलिव्हियानं थोडं आश्चर्य व्यक्त केलं. फार ताणून धरलं नाही. पाचवा अंक संपत आला होता.