पाकळीचा ल आणि ऑक्सफर्डचे खिळे

घरी फोन केला की हल्ली ‘ल’ आणि ‘श’चा विषय निघतोच. शासनाने २००९ साली आदेश काढून पाकळीचा ल आणि देठाचा श ही मराठीची रूपं ठरवून दिली, तरी फोनवर आणि फलकांवर अजून हिंदी वळणाचा, उभ्या रेघेचा म्हणजे दंडाचा ल दिसतो. मामेभावाला हे आपल्या लिपीवरचं आक्रमण वाटतं. त्याची तळमळ मला समजते, माझाही जीव पाकळीच्या ल मध्ये अडकलेला आहे. पण ऑक्सफर्डमध्ये राहून मला दुसरीच काळजी लागली आहे, छपाईच्या जुन्या खिळ्यांची.

इथल्या विद्यापीठाच्या प्रेसने ‘फेल टाइप’ जपले आहेत, म्हणजे छपाईसाठी जुळवायचे धातूचे अक्षरांचे खिळे आणि ते ओतायचे साचे. जॉन फेल हा ख्राइस्ट चर्चचा डीन, पुढे इथला बिशप. १६७०च्या दशकात त्याने हॉलंडमधून पोलादी ठसे आणि तांब्याचे साचे आणवले, पीटर द वाल्पर्गेन या कारागिराकडून आणखी कोरून घेतले आणि १६८६ मध्ये मरताना सगळं विद्यापीठाच्या हवाली केलं. त्यात सोळाव्या शतकातल्या ग्राँजाँ या फ्रेंच कारागिराचंही काम होतं. ऑक्सफर्डची ओळख झालेली ही अक्षरं मुळात परक्या हातांची, आणि त्याचं इथे कुणाला वावडं नाही.

मला त्यातली फुलं, म्हणजे अक्षरांऐवजी नक्षी असलेले खिळे, सगळ्यांत आवडतात. खिळ्याच्या टोकावर वेलीचं एकच वळण, नखाएवढं. एक सुलट, एक उलट असं बसवत गेलं की रांगोळीसारखी वेल जुळते, चारी बाजूंनी फिरवली की पानाची चौकट होते. अशा पानाच्या पाठीवरून बोट फिरवलं तर दाबाचे उंचवटे लागतात.

अठराव्या शतकात नव्या वळणाची अक्षरं आली आणि हे सगळं अडगळीत गेलं. फार काळ पडून राहिलं, पण कुणी वितळवलं नाही. म्हणूनच १८७०च्या दशकात वुस्टर कॉलेजच्या डॅनियल यांना आपल्या खासगी छापखान्यासाठी ते वापरता आलं आणि १९६७ साली छपाईच्या अक्षरांचे अभ्यासक स्टॅन्ली मॉरिसन यांचा फेलवरचा मोठा ग्रंथ त्याच खिळ्यांनी हाताने जुळवता आला. प्रेसचा छापखाना १९८९ मध्ये बंद पडला, तरी ईजिनो मारिनी या इटालियन माणसाने त्या अक्षरांचे फॉन्ट करून सर्वांना मोफत दिले.

आपल्याकडे जावजी दादाजींनी १८६९ मध्ये निर्णयसागर छापखाना काढला. त्याच्या देखण्या देवनागरीतली ‘काव्यमाला’ संस्कृतच्या अभ्यासकांनी देशोदेशी वापरली. ती परंपरा माझ्या घरातही होती. काका गिरगावातल्या एका छापखान्यात खिळे जुळवायचे. तो बंद झाला तेव्हा देवनागरी खिळ्यांच्या केसच्या केस, म्हणजे कप्प्याकप्प्यांच्या पेट्या, शिशाच्या भावाने किलोवर गेल्या. जोडाक्षरांचे खिळे तरी मला द्या, असं काकांनी मागितलं होतं. मालकाने दिले नाहीत. काका त्याबद्दल पुढे कधी बोलले नाहीत, पण मला अजून राग येतो.

फोनवर पाकळीचा ल यायलाच हवा. तो घडवणाऱ्यापुढे मात्र जुन्या कारागिराच्या हातचा ल ठेवायला नको का? मुंबई-पुण्यातल्या एखाद्या विद्यापीठाने एक कोरडी खोली आणि एक जाणता माणूस द्यावा, जुन्या छापखान्यांच्या वारसांकडे जाऊन उरलेले खिळे आणि साचे मागून आणावेत. मामेभावाला हे सांगितलं तर तो क्षणभर गप्प झाला. मग म्हणाला, चिपळूणला ओळखीच्यांच्या माळ्यावर खिळ्यांच्या दोन केस आहेत बहुतेक, उद्या विचारतो.