आनंदवनात निवेदक नाही

परवा अमेरिकन दिग्दर्शक रॉबर्ट गार्डनरची 'फॉरेस्ट ऑफ ब्लिस' तिसऱ्यांदा पाहिली, यावेळी काकांना शेजारी बसवून. १९८६ची डॉक्युमेंटरी, दीड तासाची, बनारसवरची. निवेदन नाही, मुलाखती नाहीत, सबटायटल्सही नाहीत. एका पहाटेपासून दुसऱ्या पहाटेपर्यंतचं काशी, बस्स.

आनंदवन म्हटलं की आपल्याला एक तर वरोरा आठवतो नाहीतर रामदास. पण ते काशीचंच जुनं नाव, आणि सिनेमाचं नाव त्यावरूनच आलंय.

आमची पिढी थिएटरात मुख्य सिनेमाआधी फिल्म्स डिव्हिजनची रिळं बघत वाढली. पडद्यावर धरण दिसायचं आणि भारदस्त आवाज सांगायचा, 'हे धरण आहे.' डोळे मिटून बसलं तरी काही बिघडायचं नाही. गार्डनरकडे डोळे मिटलेत तर संपलात. होडीतून लाकडं येतात, फुटतात, तागडीत चढतात. कुणी बांबूच्या तिरड्या बांधतंय, कुणी झेंडूच्या माळा ओवतंय. सुरुवातीला यातलं काहीच कशाशी जुळत नाही. मग हळूहळू ध्यानात येतं, सगळं एकाच दिशेनं चाललंय. तोच झेंडू माणसाच्या अंगावर, तोच नदीत, तोच गाईच्या तोंडात. 'जीवनचक्र' हा शब्द कुणीही उच्चारत नाही, हे किती मोठे उपकार!

तागडी आली की मी दर वेळी थोडा हलतो. वडिलांच्या अस्थी घेऊन गेलो होतो तेव्हा मणिकर्णिकेवर असाच एक काटा पाहिला. पारडं जरा खाली गेलं तसा त्या माणसाने एक ढलपी काढून बाजूला टाकली. वाणी गुळाचा खडा काढतो ना, अगदी तशी. त्यात क्रूरपणा नव्हता, दुःखही नव्हतं. वजन होतं. निवेदक असता तर त्याने त्या ढलपीवर नक्की एखादं वाक्य चढवलं असतं.

आता माझी तक्रार. सबटायटल्स गार्डनरने मुद्दाम टाळली; प्रेक्षकाने वाचत न बसता बघावं म्हणून. ठीक. पण त्यामुळे बॉस्टनच्या प्रेक्षकाला घाटावरच्या माणसांचं बोलणं आणि कुत्र्यांचं भुंकणं एकाच मापाचं ऐकू येणार. मानववंशशास्त्रवाल्यांनी तेव्हा यावरून बराच कालवा केला होता, आणि मला तो सगळाच चुकीचा वाटत नाही. आपल्याला हिंदी कळतं, भोजपुरीही थोडीफार उमगते. म्हणजे आपण पाहतो तो सिनेमा त्याने त्याच्या लोकांसाठी बनवलेला नाहीच. आपल्याला त्यात माणसं जास्त सापडतात. ही त्याची हुशारी नव्हे, आपलं नशीब.

तरीही शंभर निवेदनवाल्यांपेक्षा मी हाच निवडीन. त्याच्या आधीच्या, १९६३ सालच्या 'डेड बर्ड्स'मध्ये तो स्वतःच भरपूर बोलला होता. इथे गप्प बसला. भल्याभल्यांना ते जमत नाही.

काकांनी दहाव्या मिनिटाला विचारलं, "अरे, कोणी काही सांगणार आहे की नाही?" मी म्हटलं, नाही. तरी ते उठले नाहीत. धुक्यातून होडी येते, वल्ही कुरकुरतात, बराच वेळ नुसती कुरकुरच ऐकू येते. काका कोकणातले, लहानपण तरीवर गेलेलं. पुटपुटले, "तेल मागतायत ती."