कापूस विकला आणि बेस गेला

आमचं गाव अंमळनेर तालुक्यातलं, घर कपाशीवालं, आणि मी घरातला एकटाच असा नमुना ज्याला वाटायचं की यंदा कापसाला भाव नाही आला तरी चालेल. निदान माझं गाण्यांचं मिक्सिंग होईपर्यंत तरी.

झालं असं की कॉलेजच्या चार दोस्तांच्या बँडची गाणी मिळून एक रॉक कंपायलेशन काढायचं ठरलं, आणि लॅपटॉप माझ्याकडे म्हणून मिक्सिंग, म्हणजे सगळ्या वाद्यांचे आवाज एकमेकांशी जुळवायचं काम, माझ्या गळ्यात. कंपायलेशन म्हणजे काय सोपं असतं, गाणी एकामागे एक लावायची, असं मला तेव्हा वाटायचं. क्वीन या ब्रिटिश रॉक बँडचं 1981 चं ग्रेटेस्ट हिट्स ऐका, त्यात 1974 पासून 1980 पर्यंतची गाणी आहेत पण ऐकताना कुठे ठेच लागत नाही. आमच्याकडे गाणी एकाच वर्षातली, तरी एकाचा किक, म्हणजे पायाने वाजवायचा मोठा ड्रम, दगड आपटल्यासारखा तर दुसऱ्याचा गादी झटकल्यासारखा.

त्यात किक आणि बेस गिटारचं भांडण, डिट्टो बांधावरचं. दोघांना तोच 50 ते 100 हर्ट्झचा, म्हणजे खालच्या जाड आवाजाचा, पट्टा पाहिजे आणि दोघं एकदम बोलले की कुणाचंच काही कळत नाही, नुसता गोंगाट. मग इक्यू, म्हणजे आवाजाचा एकेक पट्टा कमीजास्त करायचं साधन, घेऊन वाटणी करायची, किकला 60 च्या आसपास, बेसला 90 च्या वर. तरी नाही जमलं तर साइडचेन कंप्रेसर, म्हणजे किक वाजला की बेसने तेवढ्यापुरतं दबायचं, मोठा भाऊ घरात आला की धाकट्याने खाटेवरून उठावं तसं. मोठा गेला की परत पसरा.

हे सगळं डिसेंबरात मस्त जमलं होतं. कारण माझी खोली म्हणजे कापसाची खोली. अण्णांनी भाव वाढायची वाट बघत कापूस छतापर्यंत कोंबला होता आणि मी दाराजवळच्या उरलेल्या जागेत लॅपटॉप आणि दोन स्पीकर घेऊन बसायचो. अंगाला खाज सुटायची, नाकात तंतू जायचे, पण आवाज काय क्लीन! शहरातले स्टुडिओवाले कोपऱ्यात बेस ट्रॅप, म्हणजे खालचा आवाज शोषणारे जाड गठ्ठे, लावायला पैसे मोजतात, माझ्याकडे क्विंटलवारी होता. मला मात्र वाटायचं हे सगळं माझ्या कानाचं कौतुक.

एप्रिलमध्ये कॉलेजच्या कामासाठी दोन दिवस जळगावला गेलो, परत येऊन दार उघडलं तर खोली रिकामी, स्वतःचाच आवाज घुमतोय. अण्णा ओसरीवर खूश. "भाव भेटना, इकी टाका," म्हणे. म्हणजे भाव मिळाला, विकून टाकला.

गाणं लावलं तर बेस गायबच. आता खोली दहा फुटाची, त्यात 56 हर्ट्झच्या आसपासचा आवाज भिंतीपाशी फुगतो आणि मधोमध मरतो, आणि बेसची ए ची तार 55 ला वाजते, आणि खोली रिकामी म्हणून मी आता बसलेलो बरोब्बर मधोमध! हे गणित मला नंतर कळलं. तेव्हा मी काय केलं, बेस वाढवला. अजून वाढवला. पलीकडे स्वयंपाकघरातून आई ओरडली, "बापू, आवाज कमी कर, भांडा पडतीन!" तिला भिंतीपलीकडे सगळा बेस मिळत होता, मला इथे काहीच नाही. त्यात कूलर, 44 डिग्रीत बंद कसा करणार, त्याची मोटर सारखी हूंऽऽ करतेय आणि मी ती हूं गाण्यातली समजून अर्धा तास 100 हर्ट्झ कापत बसलेलो.

ते मिक्स घेऊन टेम्पोवाल्या दोस्ताच्या गाडीत लावलं. काच थरथरली, आरसा फिरला, गायक कुठे ऐकूच आला नाही. दोस्त म्हणाला, "डीजेवाल्याला दे भो, वरातीत चालेल."

घरातल्या गोधड्या टांगून बघितल्या. त्या वरचा चरचराट खातात, बेसला शिवत पण नाहीत. शेवटी हेडफोनवर रात्री दीड वाजता सगळं पहिल्यापासून केलं, चारही बँडचे किक बेस परत वाटून दिले.

परवा जेवताना अण्णा म्हणाले की औंदा कपाशी नको, बोंडअळीने डोकं उठवलंय, मका लावू. माझा घास अडकला. मी लगेच कपाशी किती चांगली, खोलीत कशी छान राहते, रोकडा कसा देते यावर अर्धा तास भाषण ठोकलं. अण्णा ताट सोडून माझ्याकडे बघत राहिले, आईला म्हणाले की पोराला शेतीचा नाद लागला वाटतं.

सकाळी पाचला उठवून कपाशीच्या पऱ्हाट्या उपटायला नेलं मला.